तुझी पोरं प्लेऑफला पोचली

आई, शनिवारी तुझी पोरं खेळणार आहेत. साखळीतला नेहमीचा सामना नाही, प्लेऑफ, म्हणजे बाद फेरी. हे ऐकून तू पुढचं काही ऐकलं नसतंस, म्हणून आधी क्रमानं सांगते. तुझ्या वेळी वर्षाच्या शेवटी सगळ्या अमेरिकेतून, त्या हातात चेंडू धरून खेळायच्या फुटबॉलचे, दोनच कॉलेज-संघ निवडायचे आणि त्यांचा एक सामना व्हायचा. तुझ्या विद्यापीठाचं नाव त्या चर्चेत कधी आलंच नाही. तू गेल्यावर दोनाचे चार झाले आणि आता बारा झालेत. पहिल्या चारांना पहिली फेरी खेळावी लागत नाही. त्यांच्या खालचे चार संघ आपापल्या घरच्या मैदानावर उरलेल्या चारांशी खेळतात. तुझा संघ घरी खेळणाऱ्यांत आहे. म्हणजे सामना तिथेच होणार, ज्या मैदानातल्या लोखंडी बाकांवर तू दोन वर्षं उभी राहून ओरडलीस. हरेल त्याचं वर्ष संपलं.

समोर दक्षिणेकडचा संघ आहे. वेगवान पोरं, आणि त्यांचा क्वार्टरबॅक, म्हणजे मागे उभा राहून चेंडू फेकणारा, फार लांब आणि फार नेमकं फेकतो. पण त्यांना बर्फात खेळायची सवय नाही. या आठवड्यात तिथे तळ्यावरून वारा येतो आहे आणि थंडीत तो चेंडू नारळासारखा टणक होतो, हे मला तूच सांगितलं होतंस. त्यामुळे माझा अंदाज असा की सामना लांब फेकीवर ठरणार नाही. चेंडू पोटाशी धरून पाच-सात माणसांच्या ढिगात घुसायचं, इंच इंच पुढे सरकायचं, असा तो कंटाळवाणा खेळ होईल. बघणाऱ्यांना कंटाळवाणा, तुला नाही. तुझ्या संघाची बचावफळी चांगली आहे. काळजीची जागा एकच. तुझ्या संघाच्या क्वार्टरबॅकची पाठ राखणारा मोठा खेळाडू गुडघ्यामुळे बाहेर बसला आहे आणि त्याच्या जागी पहिल्या वर्षाचा मुलगा उभा राहणार आहे. मी रेल्वे सिग्नलच्या सॉफ्टवेअरच्या चाचण्या घेते. एखादी गोष्ट कुठे मोडेल हे ती मोडायच्या आधी शोधणं एवढंच माझं काम. मोडलं तर तिथे मोडेल.

आणखी एक सांगायचं, जे तुला आवडणार नाही. तुझा हा क्वार्टरबॅक गेल्या वर्षीपर्यंत दुसऱ्याच कॉलेजात होता. आता पोरं सहज कॉलेज बदलतात, खेळण्याचे पैसेही घेतात. तू म्हणाली असतीस, "मग ती आपली कशी गं?" मला मात्र ती बातमी वाचून बरं वाटलं होतं. तू त्यांना नेहमी "माझी पोरं" म्हणायचीस. मी तुझी एकुलती एक मुलगी होते, आणि दर शरद ऋतूत मला हेल्मेट घातलेले पंच्याऐंशी भाऊ व्हायचे.

मी दोन वर्षांची असताना तू मला नागपूरला आजीकडे ठेवून गेलीस. बाबांची बँकेतून गडचिरोलीला बदली झालेली होती, तुला शिष्यवृत्ती मिळाली होती, आणि आजीनं भिंतीवरच्या निळ्या कोटातल्या फोटोकडे बोट दाखवून सगळ्यांना गप्प केलं होतं, "ते गेले नव्हते का अमेरिकेला शिकायला? मग हिला कोण अडवतो?" त्याबद्दल माझी तक्रार नाही. मी तुझ्या जागी असते तर मीही गेले असते. तक्रार असली तर एवढीच की तू परत आलीस तेव्हा तुझ्या बॅगेत एक अख्खं गाव होतं आणि त्या गावात मी कुठेच नव्हते. पुढे तुला ब्रिस्टलला विमानांच्या पंखांवरच्या ताणाचं काम मिळालं, आपण तिघं इकडे आलो, तेव्हा घराला पडदे लागायच्या आधी छपरावर डिश लागली. शेजारच्या आजोबांनी कौन्सिलला पत्र लिहीन म्हणून सांगितलं. तू त्यांना चहाला बोलावलंस आणि खेळाचे नियम समजावले. ते परत कधी तक्रार घेऊन आले नाहीत. चहालाही आले नाहीत.

शनिवारी दुपारीच तू वरण-भात उरकून घ्यायचीस, कारण सामन्याच्या मध्ये कुकरची शिट्टी नको असायची. मग बैठकीच्या खोलीत मोजे घालून उभी राहायचीस. बसायची नाहीस. तिथल्या विद्यार्थ्यांत बसून बघायची पद्धत नाही, असं तू बाबांना सांगितलंस, आणि बाबा पेपरामागून म्हणाले, "मग मी विद्यार्थी नाही." समोरच्या संघाकडे चेंडू असला की तू ओरडायचीस, म्हणजे त्यांना एकमेकांच्या सूचना ऐकू जाऊ नयेत. हे तू ब्रिस्टलमधून करायचीस. आपल्याकडे चेंडू आला की मात्र घर एकदम शांत. एका शनिवारी, मी अकरा वर्षांची, शाळेच्या शनिवारच्या स्पर्धेतून स्पॅगेटीचा पूल घेऊन आले होते. तिथे माझ्या पुलानं सगळ्यांत जास्त वजन पेललं होतं, आणि हे सांगावं असं जगात एकच माणूस होतं. मी दारात उभी आहे, पूल दोन्ही हातांत आहे, आणि तू माझ्याकडे न बघता तळहात वर करतेस. "थांब. आपला चेंडू आहे." तू नंतर पूल पाहिलास, हे मला मान्य आहे. उजेडात धरून पाहिलास, कुठे तडा गेला ते विचारलंस, तिथेच का गेला तेही विचारलंस. इतके चांगले प्रश्न मला नंतर कुठल्या मुलाखतीतही कुणी विचारले नाहीत. पण ते नंतर होतं.

बाराव्या वाढदिवसाला तू मला तो लांबट चेंडू दिलास आणि डाउन्सच्या माळावर घेऊन गेलीस. वारा होता, लोक पतंग उडवत होते. तू माझ्या मागे उभी राहून माझी बोटं चेंडूच्या शिवणीवर एकेक करून ठेवलीस. मनगट असं, खांदा असा. माझे सगळे चेंडू कोलमडत पडत होते आणि मग एक गेला, स्वतःभोवती फिरत, सरळ, लांब. तू टाळी वाजवलीस. म्हणालीस, "अगदी माझी रूममेट टाकायची तसा!" मी चेंडू आणायला धावत गेले आणि परत येताना मुद्दाम चालत आले. त्यानंतर मी तो फारसा टाकला नाही. तू एकदा विचारलंस, मी खांदा दुखतो म्हणाले.

आता सामना कसा बघायचा ते. इथे तो फुकट दिसत नाही. पैसे भरून घ्यायचं एक क्रीडा-चॅनल आहे, ते एका महिन्यापुरतंही घेता येतं. मी घेतलं आहे, इंटरनेटवरून, त्यामुळे छपरावर काही चढवावं लागलेलं नाही. विद्यापीठाच्या संकेतस्थळावर त्यांचं रेडिओ-समालोचन मात्र जगात कुठेही फुकट ऐकू येतं. तू टीव्हीचा आवाज बंद करून तेच लावायचीस, कारण टीव्हीवरचे लोक तुझ्या मते दोन्ही संघांशी गोड बोलायचे. मीही तसंच करते. फक्त तेव्हा कॉम्प्युटरवरचा आवाज मागे राहायचा, आणि आता चित्र मागे राहतं. काय झालं ते आधी ऐकू येतं आणि मग दिसतं. मी गेल्या आठवड्यात दोन्ही जुळवून पाहिलं. रेडिओ थोडा थांबवून धरला की बरोबर बसतं. मी हे बारा वर्षं करते आहे, आई. दर मोसमात, मिल्टन कीन्सच्या या फ्लॅटमध्ये आणि त्याआधी विद्यापीठाच्या खोलीत, एकटी, उभी राहून. हे मी कुणाला सांगितलेलं नाही. संघावर माझं प्रेम आहे असंही नाही. तुझं लक्ष ज्याच्यावर होतं त्याच्यावर नजर ठेवायची सवय लागली, ती गेली नाही.

मंगळवारी स्लाऊहून मावशींचा फोन आला. मावशी म्हणजे तुझी तीच रूममेट. लग्नानंतर त्या इकडे आल्या, तुझ्या आजारपणात दोनदा येऊन गेल्या, आणि मग दिवाळी-गुढीपाडव्याला मेसेज, एवढंच.

"अगं, आपली पोरं प्लेऑफला गेली! कळलं का तुला?"

'आपली' हा शब्द मला लागला. मी म्हटलं, "हो, कळलं."

"मला आत्ता आमच्या जुन्या ग्रुपवर दिसलं. मी तर किती वर्षांत एक मॅच बघितली नाही गं. मुलं, घर, हिप रिप्लेसमेंट, कुठे वेळ? पण ही सोडायची नाही. शनिवारी मी येते तुझ्याकडे."

"मावशी, तुम्हाला एवढ्या लांब... मी एकटीच बघते तशी."

"म्हणूनच येतेय. आणि तुम्ही-तुम्ही काय करतेस, मी काय तुझी हेडमिस्ट्रेस आहे? फक्त तुमच्या त्या राउंडअबाउट्सचं काहीतरी सांग. मागच्या वेळी तीनदा त्याच कार्पेटच्या दुकानापाशी आले मी. शेवटी तो दुकानदार हात करायला लागला."

मी हसले. त्या चांगल्या आहेत, हीच अडचण आहे. मग त्यांनी तुझ्याबद्दल बोलायला सुरुवात केली. तुला त्या एका टोपणनावानं हाक मारतात, जे आपल्या घरात कुणी कधी वापरलेलं मी ऐकलेलं नाही. त्या नावाची मुलगी बाकावर चढायची, अनोळखी माणसांच्या गळ्यात पडायची, एकदा म्हणे पंचाला मराठीत शिव्या घालून खाली घसरली आणि गुडघा फोडून घेतला. मी म्हटलं, "आई शिव्या द्यायची?" मावशी म्हणाल्या, "नागपुरी! मला अर्ध्या कळायच्या नाहीत."

मग मी एक प्रश्न विचारला, तो विचारायचा असं ठरवलेलं नव्हतं. रविवारी सकाळी नागपूरला तुझा फोन यायचा. तिथे तेव्हा शनिवारची रात्र असायची. तुझा आवाज नेहमी बसलेला असायचा, आजी सांगायची की तिकडे थंडी फार, आणि मी म्हणे रिसीव्हर कानाला लावून म्हणायचे, ही आई नाही. हे मला स्वतःला आठवतं की आजीनं इतक्यांदा सांगितलं म्हणून आठवतं, ते आता वेगळं करता येत नाही. मोठी झाल्यावर मी हिशेब जुळवला होता: आवाज सामन्यात गेलेला असायचा. त्यांच्यासाठी आवाज होता, माझ्यासाठी उरायचा नाही. मी मावशींना एवढंच विचारलं, "ती सामना संपल्यावरच का फोन करायची?"

मावशी म्हणाल्या, "मीही तेच सांगायचे तिला. अगं, शुक्रवारी कर, आवाज नीट असतो. तर म्हणायची, नको. आवाज चांगला असला की मध्येच रडू येतं आणि पोरीला ते ऐकू जातं. घसा बसलेला असला की बरं, काही कळत नाही. तिचं ते ओरडणं काही सगळं फुटबॉलसाठी नव्हतं गं. फोन ठेवला की मग रडायची. माझा एक स्वेटर त्यातच गेला म्हण."

मी म्हटलं, "असं का." आणि त्यांना गाडी कुठे लावायची ते समजावलं.

हे ऐकून मला बरं वाटायला हवं होतं. इतकी वर्षं जी नोंद मी एका बाजूला धरली होती ती दुसऱ्या बाजूला गेली, आणि माझ्या बाजूनं गेली. दोन दिवस मी वाट पाहिली. बरं वाटलं नाही. उलट आता नुसत्या संघाचा हेवा करून भागत नाही. तू माझ्यासाठी रडायचीस, तेही मावशींच्या स्वेटरवर. माझ्या वाट्याला बसलेला घसा आला आणि त्याच्यामागचं सगळं त्यांच्या वाट्याला. त्यांनी ते सांभाळलंही नाही, खूप वर्षांत एक सामना पाहिला नाही, आणि तरी त्यांना विचारावं लागलं. आता शनिवारी कॅमेरा प्रेक्षकांवरून फिरेल, विद्यार्थ्यांचा कोपरा दिसेल, आणि मावशी पडद्याला बोट लावून म्हणतील, तो बघ, तो बाक, तिथे आम्ही. त्यांना ती जागा दिसेल. मला नुसती गर्दी दिसेल. बारा वर्षं मी तिथे रोखून पाहते आहे आणि तू नेमकी कुठे उभी होतीस हे मला माहीत नाही.

मी त्यांना नको म्हणू शकले असते. म्हटलं नाही, कारण तो बाक मला बघायचा आहे. ज्या मुलीला त्या टोपणनावानं ओळखतात तिच्याबद्दल आणखी ऐकायचंही आहे, आणि ते मला त्यांच्याकडूनच मिळेल, दुसरं कुणी नाही. मी पोहे करणार आहे. त्यांच्या खुब्यासाठी उंच खुर्ची शेजारणीकडून आणून ठेवली आहे. त्या आल्या की नियम बदलले ते समजावीन, आणि तुझ्या त्या पहिल्या वर्षाच्या पोरानं पाठ राखली की नाही तेही सांगेन.

फोन ठेवताना त्या म्हणाल्या होत्या, "टाइम तेवढा मेसेज कर हं. ते ईस्टर्न, सेंट्रल मला काही कळत नाही, तू सांगशील तेव्हा येते." मी लगेच केला. हे पत्र कुठे जायचं नाही, म्हणून इथे लिहायला हरकत नाही. सामना आपल्या वेळेनं पाचला सुरू होतो. मावशींना मी सहा कळवले आहेत.