बाबांची कंबर आणि पहिलं प्रकरण

३ मार्च, रविवार
आजपासून कादंबऱ्या बंद. तीन पुस्तकं आणली: एक वैद्यकाचं, एक इतिहासाचं, एक व्यापाराचं. वर्षअखेर या विषयांत घरात माझ्याशिवाय पान हलणार नाही. बायकोने विचारलं, कपाटावर आधीची धूळ खात पडलीयत त्यांचं काय? ती वेगळी.

५ मार्च
व्यापाराचं पहिलं प्रकरण फस्त. मेहुण्याला फोन करून त्याचं दुकान कसं चालवायचं ते समजावलं. तो गप्प ऐकत होता. पटलं असणार. इतिहासाचंही पहिलं प्रकरण झालं. निष्कर्ष: चांगला लेखक सगळं पहिल्याच प्रकरणात सांगून टाकतो. पुढचं पानं भरायला.

७ मार्च
गादी उलटताना बाबांच्या कमरेत उसण भरली. बायको म्हणाली, डॉक्टरांना दाखवू. घरात पुस्तक असताना? वैद्यकाचं पहिलं प्रकरण नेमकं कंबरदुखीवरच. नामांकित डॉक्टर अशा रोग्याला म्हणे फळीवर उताणं निजवत, आठवडेच्या आठवडे. बाबांना फळीवर निजवलं. ते शेजाऱ्यांना सांगत होते, आमचा मुलगा वाचतो हो! मूठभर मांस चढलं.

१२ मार्च
बाबा जराही हलत नाहीत. अगदी आदर्श रोगी. बायको भांडी आदळते आहे. तिच्यासाठी स्वभावावर एखादं पुस्तक बघायला हवं.

१५ मार्च, शुक्रवार, सकाळ
बाबा कंटाळले. म्हणाले, पुढचं वाचून दाखव. ऐटीत बसलो. दुसऱ्या प्रकरणाचं पहिलंच वाक्य, ही सगळी चूक होती. असं निजवून माणसं उलट खंगत. दुखलं तरी हळूहळू हिंडतं-फिरतं ठेवावं. पुस्तक मिटलं. बाबांना सांगितलं, पानं चिकटलीयत.

तोच दिवस, दुपार
आत्ताच सांगितलं तर सुनेसमोर बाबांना किती अवघडल्यासारखं होईल! केवळ त्यांच्यासाठी थांबलो आहे. उद्या नक्की उठवायचं.

१८ मार्च
राहिलं. ऑफिसमध्ये फार काम. मेहुण्याचे दोन फोन आले, उचलले नाहीत. इतिहासाचं दुसरं प्रकरण उघडायचा धीर होत नाही.

१९ मार्च, मंगळवार
बायकोने मला न विचारता डॉक्टरबाईंना बोलावलं. बाबा उभे राहायला गेले, पाय लटपटले, धपकन खाली बसले. बाई म्हणाल्या, असं निजून राहायला कुणी सांगितलं? मी पुस्तकं एकावर एक नीट रचत होतो. बाबा म्हणाले, कुणी नाही हो, माझंच डोकं. मग बाईंनी त्यांनाच फैलावर घेतलं, या वयात असले उद्योग करतात का म्हणून. पंचाहत्तरीच्या माणसाने माझ्यासाठी बोलणी खाल्ली. मेल्याहून मेल्यासारखं झालं. तरी तोंड उघडलं नाही. बायको माझ्याकडे बघतसुद्धा नव्हती.

२१ मार्च
बाबांनी पुन्हा पुस्तक वाचायला सांगितलं. दुसरं प्रकरण अख्खं वाचून दाखवलं. ऐकून म्हणाले, छान लिहिलंय, हे तुला कधी कळलं? आज, असं म्हणणार होतो. शुक्रवारी, म्हणालो. बाबांनी बोटांवर मंगळवारपर्यंतचे दिवस मोजले. मग बाथरूमला जायला उठले. मी घाईने हात पुढे केला.

त्यांनी भिंत धरली.