बोळातली चौकट

दि. ४ जून

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

कोर्टाचा कागद पुन्हा आला. आता म्हणे मी हुकमाचा अवमान केला. हुकूम होता, वहिनीच्या शिवणखोलीकडे जाणाऱ्या बोळात मी बसवलेलं दार काढायचं. ते दुसऱ्याच दिवशी काढलं. पण भिंतीला भगदाड राहिलं, ते सुताराला कसं बघवेल? म्हणून सागाची चौकट करायला घेतली. तिला चार महिने लागले तर कोर्टाचं काय जातं?

बोळात फक्त माझं बाक आणि थोड्या फळ्या आहेत. कोर्टाचा माणूस टेप घेऊन आला, त्याला अंग चोरूनही जाता येईना. पोट त्याचं, दोष माझा. न्यायाधीशबाई म्हणाल्या, पंधरा तारखेपर्यंत वाट मोकळी करा, नाहीतर मोकळी करेपर्यंत तुरुंगात बसा. बसेन. अर्धवट काम मी कधी टाकलेलं नाही.

गुडघे शेकत जा. रागाव, पण उत्तर पाठव.

तुझा धाकटा

दि. ८ जून

चि. धाकट्यास,
अनेक आशीर्वाद.

गुडघे शेकले, आता तुझ्यापायी डोकं शेकावं लागतंय. माझ्या अख्ख्या घराची दारं तू पंधरवड्यात बसवलीस. एका चौकटीला चार महिने? कुणाला शेंड्या लावतोस?

वहिनीचं पत्र आलं. फळ्या ओलांडून कोण येणार, निम्मी गिऱ्हाइकं तुटली. दादा गेल्यापासून तिचं पोट त्या मशीनवर आहे. तरीही तुला आत टाकू नका, असं तिनेच कोर्टात सांगितलं. न्यायाधीशबाई तिला म्हणाल्या, तुरुंगाची किल्ली तुमच्या दिरांच्याच खिशात आहे, वाट मोकळी केली की सुटले.

दादा गेला त्या दिवशी, वहिनीनेच त्याला दवाखान्यात न्यायला उशीर केला, असं तू तिला चारचौघांत बोललास आणि वर बोळात दार ठोकलंस. दार निघालं, शब्द तिथेच आहेत. खरं काय ते लिही.

माया आहेच, तिचा अंत पाहू नकोस.

तुझी ताई

दि. १६ जून

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

चौकट तीन दिवसांतच झाली होती. दोन वर्षं वहिनी माझ्याशी बोलत नव्हती. बोळात काम काढल्यावर मात्र ती रोज फळ्यांपाशी थांबून विचारायची, भाऊजी, अजून किती दिवस? रागाने का होईना, दादाच्या घरातून मला हाक यायची. म्हणून सकाळी बसवलेलं मी संध्याकाळी काढत राहिलो. तिची गिऱ्हाइकं तुटतायत हे मला दिसलंच नाही, याची फार लाज वाटते.

काल बोळ मोकळा केला आणि कोर्टात माफी मागितली. प्रकरण मिटलं. निघताना न्यायाधीशबाई म्हणाल्या, जिची वाट अडवलीत तिलाही काही सांगायचं राहिलं असेल तर बघा.

आज वहिनी चारदा गेली-आली. थांबायचं तिला काही कारणच उरलं नव्हतं. शेवटी मीच उठलो आणि तिच्या खोलीत गेलो. म्हणालो, वहिनी, उशीर तुम्ही केला नव्हता. छातीत दुखतंय, हे दादाने त्या सकाळी आधी मला सांगितलं होतं. आम्ही दोघं एका गिऱ्हाइकाकडे दार बसवत होतो. मी म्हणालो, एवढं दार होऊ दे, मग जाऊ.

तिने मशीन थांबवलं. मग तिने पायाने स्टूल माझ्याकडे सरकवलं.

मी बसलो, ताई. तूही ये, आणि आता मला हवी तेवढी नावं ठेव, पण लोभ सोडू नकोस.

तुझा धाकटा