दानियल आत असेपर्यंत शेडची वीज बंद करू नये

मी, एस्तेर दानियल गावित, वय बासष्ट, निवृत्त शिक्षिका, राहणार विसरवाडी, तालुका नवापूर, जिल्हा नंदुरबार, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे आणि कोणी दबाव आणलेला नाही. भीती मात्र वाटते. भीतीपोटी केलेले मृत्युपत्र रद्द होते का, असे मी वकिलांना विचारले. ते म्हणाले, "मॅडम, भीती वाटते म्हणूनच तर लोक ते करतात."

१. राहते घर, भांडीकुंडी आणि शिलाई मशीन माझी मुलगी रुपा हिला मिळावे. जावयांनी घराचा रंग बदलला तरी माझी हरकत नाही.

२. घरामागील पोल्ट्रीची शेड रुपाला मिळेल, पण तिला ती विकता येणार नाही, भाड्याने देता येणार नाही आणि पाडताही येणार नाही. कारण माझे पती दानियल त्या शेडमध्ये आहेत आणि जिवंत आहेत.

पुढे हे वाचणाऱ्याला माहीत नसेल, म्हणून लिहिते. आम्ही दोघेही भौतिकशास्त्र शिकवायचो. रोगात कोंबड्या गेल्यावर रिकाम्या शेडमध्ये आम्ही काळशास्त्राचे प्रयोग सुरू केले. धरणाने पाणी अडवतात तसा काळ अडवता येईल का, एवढाच प्रश्न होता. त्यासाठी तांब्याच्या तारांनी वेढलेली, दाराला काच असलेली एक लहान खोली बांधली. तिच्यात ठेवलेले दूध पावसाळाभर नासले नाही. नंतर एक कोंबडी ठेवली. तिने दाण्यासाठी मान खाली घातली आणि ती वर यायच्या आत होळी येऊन गेली. मग एकदा वीज गेली. अडवलेला सगळा काळ एकदम तिच्यावर कोसळला. आत पिसे होती आणि बोटाने चुरतील अशी हाडे.

त्यानंतर दानियलनी आतल्या कडीला एक कळ जोडली. कडी आतून काढली तर काळ हळूहळू मोकळा होतो आणि माणूस सुखरूप बाहेर येतो. ती तपासायला ते स्वतः आत गेले. "चहा ठेव, आलोच," म्हणाले. आम्ही ठरवला होता त्याच्या कितीतरी पट काळ अडला. का, ते मला आजवर कळलेले नाही. रुपा तेव्हा अंगणवाडीत जायची. आता तिची मुलगी जाते.

३. नाल्याकाठचे सोडून उरलेल्या शेताचे उत्पन्न आधी वीजबिल, बॅटऱ्या आणि जनरेटरच्या डिझेलवर खर्च करावे. देखभाल कळसाडीचे अमृत पाटील यांच्याकडेच राहावी. पहिल्या दिवशी काचेतून आत पाहून ते मागे सरले होते. "बाई, साहेब मन्हाकडे देखी ऱ्हायनात," म्हणाले. दानियलची नजर आपल्यावरच आहे असे त्यांना वाटले. दुसऱ्या दिवशी ते येणार नाहीत असे मला वाटले होते. ते आले.

४. माझे दीर जामसिंग यांना नाल्याकाठचे शेत द्यावे. माझ्यामुळे भाऊ गेला असे त्यांनी गावभर सांगितले, ते मी विसरलेले नाही. दानियल आत गेले त्याच वर्षी ते पहार घेऊन आले. मी आडवी आले तेव्हा म्हणाले, "वहिनी, त्याला माती दिली असती तर रडून मोकळे तरी झालो असतो. हे काय करून ठेवलंय तुम्ही?" त्यांनी दार वीतभर उघडले आणि उजवा हात आत घातला. हात आतल्या काळात, माणूस बाहेरच्या. रक्त हातात पोचेना. आम्ही त्यांना ओढून काढले, पण हात कोपरापासून कापावा लागला. म्हणून बाहेरून ते दार कोणीही, कधीही उघडू नये.

५. दानियल आत गेले तेव्हा काचेतून माझ्याकडे बघून हसत होते. ते हसू पुसले जायला काही वर्षे लागली. त्यांच्या दृष्टीने मी समोर उभी असताना क्षणात माझे केस पांढरे झाले, गाल बसले. आता त्यांचे डोळे विस्फारले आहेत, तोंड उघडते आहे. ते मला पाहून घाबरले आहेत. म्हणून मी काचेसमोर जाणे सोडले. माझी शवपेटी तिकडून नेऊ नये. त्यांचा हात कडीकडे निघाला आहे. माझ्या हयातीत तो पोचणार नाही.

६. हे कलम लिहायला मला सर्वांत जड गेले. अडवलेला काळ भिंतीतून झिरपतो आहे. शेडलगतचे गवत कापले की वाढत नाही. शेडजवळच्या आंब्याला यंदा विहिरीकडच्या फांद्यांवरच मोहोर आला, शेडकडच्या फांद्या तशाच राहिल्या. आंब्यापलीकडे विहीर आहे. तिथे शेजारच्या गजराबाईची सून पाणी भरते, तिची पोरे काठावर खेळतात. जामसिंगांच्या हाताचे जे झाले ते त्या पोरांचे होऊ शकते. विहिरीकडच्या फांद्यांनाही मोहोर येईनासा झाला की शेडची वीज बंद करावी. मग आत काय उरेल ते मला माहीत आहे. निर्णय माझा आहे, रुपाचा नाही, आणि रुपाने बटणाला हात लावू नये. ते जामसिंगांनी बंद करावे. मी त्यांच्या घरी जाऊन विचारले. ते म्हणाले, "डाव्या हाताने जमेल."

बटण बंद करावे लागले तर दानियलना माझ्या शेजारी माती द्यावी.

७. पण त्या फांद्यांना मोहोर येत राहिला आणि कडी आतून निघाली, तर रुपाने समोर असावे. ती तेव्हा त्यांच्याहून मोठी दिसेल. तरी तिने त्यांना बाबाच म्हणावे आणि आधी बसायला खुर्ची द्यावी. ते विचारतील, एस्तेर कुठे आहे. तेव्हा खोटे सांगू नये. "आताच गेली" असेही सांगू नये, त्यांच्यासाठी ते खरे असले तरी.

वरील मजकूर मी वाचून पाहिला, तो मला मान्य आहे.

सही: एस्तेर दानियल गावित

बाईंनी आमच्या समक्ष सही केली आणि आम्ही त्यांच्या समक्ष केली.
साक्षीदार: १. योगिता फुलसिंग वळवी, विसरवाडी
२. गोवाल नारसिंग मावची, नवापूर

ठिकाण: नवापूर
दिनांक: १८ फेब्रुवारी २०२५