स्वयंपाकघरातलं बटन

आई, तुझ्या या घराविरुद्ध माझी एक गंभीर तक्रार आहे. बाथरूमच्या लाइटचं बटन स्वयंपाकघरात का? लोकांची खिल्ली उडवून पोट भरणाऱ्या, पन्नाशी ओलांडलेल्या माणसाला रोज सकाळी टॉवेल गुंडाळून ओट्यापर्यंत यावं लागतं. सबंध सक्करदऱ्यात एवढा अन्याय कुणावर होत नसेल.

घर बांधताना मिस्त्रीशी भांडून ते बटन तूच तिथे लावून घेतलंस. बाबा हसले. मी तर पुढे त्यावर अख्खा लेख लिहिला. तू एवढंच म्हणालीस, "हाक मारली तं समजते मले, कोन उठलं." आम्ही आतून ओरडायचो, तू बटन दाबायचीस आणि लगेच चहाचं आधण ठेवायचीस. घरानं आम्हाला ओरडायची सवयच लावली. ताई सासरीही पहिल्या दिवशी बाथरूममधून ओरडली. सासूला वाटलं, सून पडली.

एका सकाळी तू आत होतीस. मी ओट्याशी उभा राहून पेपरात आलेला तोच लेख वाचत होतो. "लाइट लाव गा," तू म्हणालीस. मी "लावतो" म्हटलं आणि माझ्याच विनोदावर हसत राहिलो. तू दुसऱ्यांदा हाक मारली नाहीस. ओल्या केसांनी बाहेर आलीस तेव्हा मी जीभ चावली. "होते अंधारातही आंघोळ," तू म्हणालीस. "वाच तू."

आता बाबा नाहीत, ताई दूर आहे. म्हणून आज बटन हलवायला इलेक्ट्रिशियनला बोलावलं. त्यानं भिंत ठोकून पाहिली. "काका, हे इथं कोनं लावलं?" मी म्हटलं, आईनं. तो हातातला पेचकस तसाच धरून म्हणाला, "मंग काढू, का राहू देऊ?" मी त्याला चहा पाजला आणि परत पाठवला.

हे पत्र कुठे जाणार नाही, म्हणून एक कबूल करतो. आत जाण्याआधीच बटन दाबावं, एवढी अक्कल मलाही आहे. पण मी आधी आत जातो. अंधारात उभा राहून हाक मारतो. जरा वाट पाहतो. मग टॉवेल गुंडाळून येतो.

इलेक्ट्रिशियन गेल्यावर मी ओट्याशी उभा राहिलो. बाथरूममध्ये कुणीच नव्हतं. बटन दाबलं. दाराखालून उजेड आला.

"लावली," मी म्हटलं, आतपर्यंत ऐकू जाईल एवढ्या आवाजात.