सदर पक्षी नर आहे

२७ मार्च, पहाटे ५.१०
आजही झोपमोड. सलग नववा दिवस. अंगणात माझ्या पत्नीची, कै. नंदाबाईंची, स्कूटी उभी आहे. तिच्या आरशावर एक काळा, पंखावर पांढरा पट्टा असलेला पक्षी बसून गातो आणि मधूनमधून स्वतःच्याच प्रतिबिंबावर तुटून पडतो. शेजारच्या चांगुणाबाई त्यास चिरक म्हणतात. मी उपद्रव म्हणतो.
संकल्प : आठ दिवसांत पक्षी हटविणे. ३० एप्रिलला, पत्नीच्या वर्षश्राद्धादिवशी, स्कूटी भाची आकांक्षा हिच्या स्वाधीन करणे. शब्द सर्वांसमक्ष दिलेला आहे.

२९ मार्च
धाकटी बहीण सोनूबाई आली. पक्षी पाहताच डोळ्यांना पदर. म्हणाली, दादा, वहिनी आली रे. गेल्या वर्षी, गेलेला जीव कोणत्या रूपात जातो हे पाहण्यासाठी, दिव्याजवळ पीठ पसरून हिनेच टोपली झाकली होती. सकाळी पिठात पाखराची पावले उमटली होती म्हणे. ती पाल होती, हे मी तेव्हाच स्पष्ट केले होते. आज पुन्हा समजाविले : पक्ष्यांमध्ये गातो तो नर. सदर पक्षी नर आहे. सबब तो कै. नंदाबाई असण्याचा प्रश्नच उद्भवत नाही. सोनूबाई म्हणाली, तुझ्याशी बोलण्यात काही अर्थ न्हाई, आणि चहा टाकायला गेली. मुद्दा खोडता आला नाही की लोक चहा टाकतात.

३१ मार्च
दोन्ही आरशांवर माझे पायमोजे चढविले. पक्षी पायमोज्यावर बसून गायला. नंतर तिथेच घाण केली.

१ एप्रिल
मोबाइलवर याच पक्ष्याचा आवाज शोधून खिडकीतून मोठ्याने वाजविला. प्रतिस्पर्धी आला असे समजून तो पळेल, हा तर्क. तो खिडकीच्या जाळीवर येऊन माझ्याशी भांडला. मीही काही शब्द वापरले. ते येथे लिहिण्याजोगे नाहीत. चांगुणाबाई शेळ्या सोडत होत्या. विचारले, साहेब, सकाळी सकाळी कुणाशी भांडून राह्यले? घर तर रिकामं हाय. खिडकी लावून घेतली.

५ एप्रिल
स्कूटीच्या हुकास लटकलेल्या हेल्मेटात घरटे. गवत, शेळीचे केस, तीन अंडी. कमालीचा संताप. हेल्मेट कै. नंदाबाईंचे आहे. अंगणवाडीत जाताना त्या नित्य घालीत, साऱ्या वाटूरमध्ये एकट्याच. लोक हसत. मीही हसत असे, पण ते वेगळे.
उद्या घरटे काढणे.

६ एप्रिल
काढले नाही. वन्य पक्ष्याच्या अंड्यांस हात लावणे बेकायदेशीर आहे. तहसील कार्यालयात पस्तीस वर्षे नियम पाळले. आता मोडणार नाही.

१२ एप्रिल
आकांक्षा आली. पोलीस भरतीच्या क्लाससाठी तिला रोज परतूरला जावे लागते. फाट्यावर तासतास बस मिळत नाही. म्हणाली, मामा, हेल्मेट तिथंच खिळ्याला टांगा, मी गाडी आजच नेते. मी सांगितले, हेल्मेट हा वाहनाचाच भाग होय. भाग वगळून वाहन देणे नियमबाह्य आहे. तिने विचारले, कोणत्या नियमात, मामा? नेमणूक होण्याआधीच चौकशी सुरू. तरुण पिढीस धीर नाही.

१७ एप्रिल
पिले निघाली. तीन. तोंडे सदैव उघडी. घरात एवढा व्याप, आणि हे गृहस्थ दिवसभर आरशासमोर आरडाओरडा करीत आहेत. इतका आत्ममग्न प्राणी मी पाहिला नाही. पिलांना अन्न कोठून मिळते, याची चौकशी केली नाही. ते मिळत असते.

२८ एप्रिल
पिले उडाली. पक्षीही फिरकला नाही. माझ्या ठाम भूमिकेचा विजय.

३० एप्रिल
वर्षश्राद्ध पार पडले. इंजिनात बिघाड असल्याचे आकांक्षास सांगितले; आठ दिवसांनी नेणे इष्ट. तिने चार किक मारल्या. सुरू झाली. हेल्मेट झटकले, डोक्यात घातले, पाया पडली आणि गेली.
जेवताना चांगुणाबाई म्हणाल्या, पाखरू बी गेलं म्हणायचं. मी पुन्हा स्पष्ट केले की तो नर होता. त्या म्हणाल्या, मी कुठं काळ्याचं म्हणून राह्यले, साहेब? ती मातकट न्हाई का, दिसभर चोचीत किडे घेऊन येणारी? अंड्यावर बी तीच बसल्ती. बिलकुल आवाज न्हाई तिचा. तुमच्या खुर्चीपुढूनच जायची की. तुम्ही आपले त्या काळ्याच्याच मागं.
वाढप्याने भात आणला. नको म्हणालो.

१ मे, पहाटे ५.१०
जाग आली. आवाज नव्हता. नोंद परिपूर्ण असावी म्हणून मादीचे वर्णन लिहीत आहे.
रंग : मातकट, असे चांगुणाबाई सांगतात.
आकार : चिमणीएवढा असावा.
आवाज : ऐकल्याचे स्मरत नाही.
डोळे :
डोळे आठवत नाहीत.