अनुमोदक म्हणून तुझं नाव

आई, मी निवडून आले. तुझ्याच वॉर्डातून, आणि तुझ्यासारखीच बाईसाठी राखीव असलेल्या जागेवरून. इतकी वर्षं पालिकेत प्रशासक बसला होता, निवडणुका काही केल्या लागत नव्हत्या. शेवटी लागल्या, तेव्हा दादाने आधी वहिनीला उभं राहा म्हणून सांगितलं. तिने कानावर हात ठेवले, मग त्याला बहीण आठवली. सासर-माहेर एकाच गावात असलं की अशी आठवण लवकर होते. "आईच्या नावावर निघशील तू, घाबरू नकोस," म्हणाला. फ्लेक्सवर तुझा फोटो लावला, माझ्यापेक्षा मोठा, आणि त्याहून मोठा त्याचा स्वतःचा, हात जोडलेला. मी भर चौकात विचारलं, "उभं कोण राहिलंय, तू का मी?" माणसं खो खो हसली, दादाचं तोंड एवढंसं झालं. मी त्याच्यासाठी उभी राहिले नव्हते, हे त्याला तेव्हा कळलं नाही. बाजारपटांगणाचा विषय पुन्हा निघणार, हे मला माझ्या शिकवणीच्या क्लासला येणाऱ्या एका मुलीच्या वडिलांकडून आधीच कळलं होतं. मी त्या पटांगणासाठी उभी राहिले.

तुझ्या सह्या मला अजून दिसतात. सकाळची वेळ, तू भाकरी थापतेस, आणि तात्या स्वैपाकघराच्या दारात उभे, हातात कोऱ्या लेटरपॅडचा गठ्ठा. वर छापलेलं तुझं नाव, त्याखाली 'नगरसेविका', आणि बाकी सगळा कागद मोकळा. "कर गं पटापटा, मला कराडला जायचंय." तू पदराला हात पुसतेस, पाटावर कागद ठेवतेस, एक डोळा तव्यावरच्या भाकरीवर ठेवून तळाशी सह्या करत जातेस. चौथीपर्यंत शिकलेली तू, प्रत्येक अक्षर वेगळं काढायचीस. कितीतरी कागदांना पिठाची बोटं लागायची आणि तात्या फुंकर मारून ती उडवायचे. हे काही आपल्याच घरात होतं असं नाही म्हणा. तेव्हा निवडून आलेल्या सगळ्याच बायकांच्या सह्या नवऱ्यांच्या पिशवीत असायच्या. सभेला बाया आत बसायच्या आणि नवरे बाहेर पायरीवर तंबाखू मळत सगळं ठरवायचे. कुणी ओळख करून देताना 'नगरसेविकेचे मिस्टर' म्हणालं की तात्यांची छाती फुगायची. त्यात काही गैर आहे, असं गावात कुणालाच वाटत नव्हतं. मलाही नाही.

पण तू नुसती सह्यांची बाई नव्हतीस, हे मी विसरलेले नाही. बाजारपटांगणात बसणाऱ्या भाजीवाल्या बायकांनी तुला निवडून दिलं होतं. तू बाजारच्या दिवशी त्यांच्यात जाऊन पोत्यावर बसायचीस, गवारीची देठं मोडत गप्पा मारायचीस. तिथं प्यायच्या पाण्याचा नळ नव्हता, तर तू एकटी मुख्याधिकाऱ्यांच्या केबिनबाहेर जाऊन बसलीस. साहेब मीटिंगमध्ये आहेत म्हणून शिपायाने सांगितलं, तर म्हणालीस, "असूंद्यात की. मी बसती. मला काय घाई न्हाई." दुपार टळली तरी उठली नाहीस. नळ आला. त्या दिवशी तू घरी येऊन जेवताना स्वतःशीच हसत होतीस, आणि तात्यांनी विचारलं तर काहीच सांगितलं नाहीस.

मग ते पत्र. मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होते. तू दळण आणायला गेली होतीस. तात्यांनी मला सोप्यात बोलावलं, तुझ्या सहीचा एक कागद पुढे ठेवला आणि म्हणाले, "तुझं अक्षर चांगलंय, मी सांगतो तसं लिही." त्यांनी सांगितलं आणि मी लिहीत गेले. सदर पटांगणाचे बाजारासाठीचे आरक्षण उठवून तेथे व्यापारी संकुल उभारण्यास माझा पाठिंबा आहे. भाजीविक्रेत्यांची व्यवस्था नाल्याकडेच्या रस्त्यालगत करावी. नाल्याचं वाक्य आलं तेव्हा माझा पेन थांबला. मी म्हटलं, "आईला विचारलंय का?" तात्या म्हणाले, "तुझ्या आईचं मी बघतो. तुला सांगलीला एम.ए.ला जायचंय ना? का त्या कवठ्याच्या पाहुण्यांना होकार कळवू?" मी पुढचं वाक्य लिहिलं. अक्षर जरासुद्धा हललं नाही.

सभेत ते पत्र वाचून दाखवलं गेलं, तेव्हा तुला पहिल्यांदा कळलं. सूचक म्हणून कुणाचं तरी नाव, आणि अनुमोदक म्हणून तुझं. बाकं वाजली, ठराव मंजूर झाला, चहा आला. तू घरी आलीस ती चपला घालूनच स्वैपाकघरात शिरलीस. मी तांदूळ निवडत होते. तू विचारलंस, "ते पत्र तू लिवलंस?" कागद टेबलावर फिरताना तू माझं अक्षर ओळखलं होतंस. मी म्हणाले, "तात्यांनी सांगितलं, मी लिहिलं. मला काय कळतंय त्यातलं." तू माझ्याकडे बघत राहिलीस. मग म्हणालीस, "व्हय. तुला काय कळतंय." मला तुझी ती नजर सोसवेना, म्हणून उलट मीच तुझ्यावर चढले. कोऱ्या कागदावर सह्या करतेस, अडाणी आहेस का, लोक हसतात तुला, असलं काय काय बोलले. तू चपला काढून दाराबाहेर ठेवल्यास आणि भाजी चिरायला घेतलीस.

बायका नाल्याकडेला गेल्या. डोक्यावर ऊन, पाठीमागे घाण, आणि पुढून जाणाऱ्या ट्रॅक्टरची धूळ थेट मेथीवर. महिनाभराने तू आणि मी तिथून चाललो होतो, तेव्हा नदीपलीकडून मेथी घेऊन येणारी ती मावशी उभी राहिली. तीच, जी तुझ्या प्रचाराला स्वतःच्या खर्चाने पेढे वाटत फिरली होती. तिने विचारलं, "वैनी, खरं सांगा, तुमीच सही केलीसा?" तू म्हणालीस, "व्हय. माजीच हाय सही." बास, एवढंच. नवऱ्याने फसवलं म्हणाली नाहीस, लेकीचं अक्षर म्हणाली नाहीस. मी तुझ्या शेजारीच उभी, हातात कॉलेजची पिशवी. त्यानंतर तू भाजी आणायला कधी गेली नाहीस. पुढच्या निवडणुकीला तात्या किती मागे लागले, तू उभी राहिली नाहीस. मी सांगलीला गेले. एम.ए. झाले. हॉस्टेलवर तुझी खुशालीची पत्रं यायची, आणि त्यात पालिकेचा विषय चुकूनही नसायचा.

तू गेलीस, मग तात्या गेले. व्यापारी संकुल झालं ते अर्ध्याच पटांगणावर. उरलेल्या अर्ध्यावरचं आरक्षण कागदावर तसंच राहिलं आणि ते इतकी वर्षं पडून होतं, पोरं क्रिकेट खेळायची. आता त्याच्यावर डोळा आहे. निकालानंतर आठवडाभरात दादा आला, काखेत लेटरपॅड. छपाई झकास, माझं नाव सोनेरी. म्हणाला, "हा घे. सगळ्यावर सह्या करून ठेव, परत परत तुला त्रास नको."

"काय लिहायचंय ते आधी लिही. मग मी वाचते, मग बघू."

"आईनं कधी असं विचारलं नाही."

"म्हणूनच विचारतेय."

"घरच्यांवर विश्वास नाही का तुझा?"

"घरच्यांवर आहे. कोऱ्या कागदावर नाही."

तो ताडकन उठला. तिकीट कुणी दिलं, फ्लेक्स कुणी लावले, माणसं कुणी फिरवली, सगळं ऐकवलं. मी ऐकून घेतलं. मग लेटरपॅड उचलला आणि क्लासच्या कपाटात ठेवून कुलूप लावलं. दादा दारातून म्हणाला, "सभेत एकटी पडशील." पडेन की. मी काय तिथं गर्दी करायला गेले नव्हते.

सभा पंधरा दिवसांपूर्वी झाली. विषयपत्रिकेवर सगळ्यात शेवटी, लोकांना घरी जायची घाई लागते तिथं, पटांगणाचा विषय टाकलेला. लिपिकाने वाचायला सुरुवात केली आणि मी बघते तर ठराव आधीच टाइप होऊन आलेला. सूचक आमच्याच आघाडीचे गटनेते. अनुमोदक मी! मला विचारलं नाही, पुसलं नाही. हा वॉर्ड कुणाचा, तर तिथल्या बाईचं नाव घाला, इतकं ते सवयीचं झालेलं. माझ्या डोक्यात तिडीक गेली. मी उभी राहिले. "माझं नाव खोडा. माझा या ठरावाला विरोध आहे आणि तो इतिवृत्तात नोंदवा."

नगराध्यक्ष गोड आवाजात म्हणाले, "ताई, बसा. चहा आलाय."

"चहा नंतर. आधी लिहा."

मागून एक म्हातारे सदस्य म्हणाले, "आवं ताई, तुमच्या मातोश्रींनी तर लेखी पाठिंबा दिला हुता ह्याला."

"त्यांची सही होती. मत नव्हतं."

सभागृहात कुजबुज झाली. दादाचे मित्र माझ्याकडे बघून हसत होते, कुणीतरी बाक वाजवलं. पण मी बसले नाही. लिपिक मुख्याधिकाऱ्यांकडे बघतोय, मुख्याधिकारी अध्यक्षांकडे, अध्यक्ष घड्याळाकडे. तू केबिनबाहेर कशी बसली असशील, ते मला तेव्हा उमगलं. तू बसून राहिलीस, मी उभी राहिले, एवढाच फरक. शेवटी लिपिकाने माझ्या नावावर रेघ मारली आणि खाली लिहिलं, विरोध, एक. मी ते वाचायला मागितलं, वाचलं, आणि मग बसले. ठराव मंजूर झाला.

पण मंजूर झाला म्हणजे संपलं नाही. आरक्षण बदलायचं तर जाहीर नोटीस द्यावी लागते आणि लोकांच्या हरकती घ्याव्या लागतात, हे तेव्हा तुला कुणी सांगितलं नाही. नोटीस पेपरच्या आतल्या पानावर आलीय, डोळ्यांत तेल घालून बघितल्याशिवाय दिसणार नाही अशी. मुदत महिनाभराची. मी हरकतीचा मसुदा हाताने लिहिला आणि काल बाजाराला नाल्याकडेला गेले. बायकांना कोंडाळं करून बसवलं, मोठ्याने वाचून दाखवलं, शंका विचारा म्हटलं. कुणी सह्या केल्या, कुणी अंगठे दिले. दोघी म्हणाल्या, नवऱ्याला विचारून सांगतो. मी म्हटलं विचारा, पण कागद स्वतः वाचा, नाहीतर पोरीकडून वाचून घ्या.

ती मेथीवाली मावशी अजून आहे. धंदा आता सून बघते, ती नुसती शेजारी बसून असते, डोळ्यांना जाड चष्मा. तिने माझा कागद हातानेच बाजूला सारला. "न्हाई करत मी सही. तुज्या आईवर इस्वास टाकला हुता. काय झालं? हितं नाल्याला येऊन बसलो."

मला वाटलं, आता गप्प बसावं, बाकीच्यांच्या सह्या पुरेत. आणि लगेच स्वतःचाच राग आला. मी तिच्यासमोर पोत्यावर बसले. म्हटलं, "मावशी, आईने कोऱ्या कागदावर सही केली होती. वरचं सगळं मी लिहिलं. माझं अक्षर होतं ते."

सून तराजू हातात धरून तशीच थांबली. मावशी म्हणाली, "तुला ठावं हुतं काय लिवतीस ते?"

"होय. सगळं ठाऊक होतं. नाल्याचंसुद्धा."

"मग का लिवलंस?"

"मला शिकायला जायचं होतं."

एक गिऱ्हाईक येऊन भाव विचारून गेलं. मी उठायच्या बेतात होते. मग मावशी म्हणाली, "आनि वैनीनी सगळं आपल्या अंगावर घेतलं. आमी लय बोललो गं तिला. मयताला बी आलो न्हाई." चष्मा काढून पदराने पुसला. "वाच ते. पयल्यापास्नं वाच. सावकाश."

मी वाचलं. शेवटच्या ओळीवर तिने मला थांबवलं. मी लिहिलं होतं, पटांगण बाजारासाठीच ठेवावे ही नम्र विनंती. "ती इनंती खोड," म्हणाली. "आमची जागा हाय ती. इनंती कशापायी करायची?" मी खोडलं. 'ही आमची मागणी आहे' असं लिहिलं, पुन्हा वाचून दाखवलं, आणि तिने अंगठा दिला. मग बाकीच्या सगळ्या कागदांवर बसून मी ती ओळ बदलली, आणि ज्यांनी आधी सह्या केल्या होत्या त्यांना एकेकीला पुन्हा वाचून दाखवली.

सोमवारी मी हरकती घेऊन जाणार आहे. पालिकेत नाही घेतल्या तर साताऱ्याला कलेक्टरकडे जाईन, तिथं नाही ऐकलं तर पुढे. दादा बोलत नाही माझ्याशी. न बोलू दे. पुढच्या वेळी तिकीट मिळणार नाही, हेही मला दिसतंय.

हे लिहून झालं की कागद फाडीन, कारण पाठवायचं कुठं? पण एक सांगायचं राहिलं. दवाखान्यात तुझ्या उशाशी मी इतके दिवस बसले होते, खोलीत दुसरं कुणी नव्हतं, तू जागी असायचीस, आणि मी तुला ऊन किती आहे ते सांगत राहिले. काल मावशीपुढे बोलले त्याचं गावात कौतुक चाललंय, बाई धीराची म्हणून. तू ते खरं मानू नकोस. मावशीला सांगणं मला सोपं गेलं. तू समोर असतीस, तर आजही मी 'मला काय कळतंय त्यातलं' असं खोटंच बोलले असते.