नख निघालं, कळलंही नाही
लोणी, बुधवार संध्याकाळ, एप्रिल १९९९

अजून अंगावरचा काटा जात नाही. आज दवाखान्यात नर्सबाईंनी डाव्या हाताच्या अंगठ्याची पट्टी सोडली आणि पट्टीसोबत नखच निघून आलं. अख्खं, काळंनिळं. दुखलं मुळीच नाही, त्याचाच जास्त धक्का बसला. आपल्या अंगाचं काही गळून पडतं आणि आपल्याला कळतही नाही?

गेल्या महिन्यात कांदे भरताना ह्यांच्या हातून ट्रॉलीचा मागचा लोखंडी फाळका माझ्या अंगठ्यावर पडला. तेव्हापासून हे त्याबद्दल चकार शब्द बोलले नव्हते. आज नख बघितलं आणि डॉक्टर आल्याबरोबर ह्यांनीच विचारलं,

"डॉक्टर, परत येईल न्हवं?"

"येईल की. मुळाशी कोवळं नख दिसतंय बघा. पुरतं यायला पाच-सहा महिने जातील."

मी पाहिलं. लालसर, ओलं मांस. हा माझाच अंगठा?

घरी केस विंचरायला बसले तर नव्या पट्टीच्या हाताने वेणी घालता येईना. ह्यांनी फणी काढून घेतली. लग्नानंतर पहिल्यांदाच! वेणी कसली, बैलाचं दावं वळलंय.

मागूनच हळू विचारलं, "लई दुखलं व्हतं का गं तवा?"

"हो," म्हटलं आणि मला रडूच फुटलं. अंगठा चेंगरला त्या दिवशीसुद्धा मी रडले नव्हते.